नारू : राजस्थानच्या बावड्यांतून हद्दपार झालेला कृमी

जयपूरहून आग्र्याकडे जाणाऱ्या महामार्गावर कानोता हे गाव लागते. ढूंढ नदीवरील धरण, जुनी गढी आणि ठाकूर अमरसिंह यांनी १८९८ ते १९४२ अशी सलग ४४ वर्षे लिहिलेली दैनंदिनी यांमुळे हे नाव इतिहासाच्या अभ्यासकांना परिचित आहे. याच मार्गाने पुढे दौसा जिल्ह्यात शिरले, की आभानेरीची चांद बावडी येते. सुमारे साडेतीन हजार पायऱ्यांची ही विहीर पाहण्यासाठी देशोदेशीचे पर्यटक येतात. स्थापत्याचा हा नमुना पाहताना एका गोष्टीची आठवण मात्र सहसा कोणाला होत नाही. पायऱ्या उतरून थेट पाण्यात पाय ठेवता येईल अशा विहिरी हे राजस्थानच्या ग्रामीण भागातील एका अत्यंत वेदनादायक रोगाचे माहेरघर होते. त्या रोगाचे नाव नारू.

भारतातील नारूचा अखेरचा रुग्ण जुलै १९९६ मध्ये राजस्थानच्याच जोधपूर जिल्ह्यात आढळला. त्यानंतर तीन वर्षांहून अधिक काळ देशात एकही रुग्ण न सापडल्याने फेब्रुवारी २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त असल्याचे प्रमाणित केले. देवीच्या रोगानंतर भारतातून संपूर्णपणे नाहीसा झालेला हा दुसरा रोग होय. आज तिशीत असलेल्या पिढीने हा रोग पाहिलेला नाही. त्यांच्या आजी-आजोबांना मात्र तो चांगलाच ठाऊक आहे, कारण नारूग्रस्त राज्यांच्या यादीत महाराष्ट्राचेही नाव होते.

वर्षभराचा अज्ञातवास

नारूचा कृमी ज्या रीतीने जगतो, ती रीत समजून घेतल्याखेरीज त्याचा नायनाट कसा झाला हे कळणार नाही. म्हणून तिच्याकडे थोडे विस्ताराने पाहणे आवश्यक आहे.

विहिरीच्या किंवा तळ्याच्या साचलेल्या पाण्यात सायक्लॉप्स नावाचा एक सूक्ष्म जलचर असतो. त्याची लांबी एक ते दोन मिलिमीटर. नितळ पाणी काचेच्या पेल्यात घेऊन उजेडासमोर धरले, तर झटके देत पोहणारा पांढुरका ठिपका म्हणून तो दिसू शकतो. त्याला एकच डोळा असल्याने ग्रीक पुराणकथांतील एकाक्ष राक्षसाचे नाव त्याला मिळाले. कोळंबी आणि खेकडे ज्या कवचधारी प्राण्यांच्या गटात येतात, त्याच गटातील हा एक अतिलहान सदस्य. स्वतः तो निरुपद्रवी आहे. परंतु नारूच्या अळ्या त्याचे भक्ष्य असतात आणि गिळलेली अळी त्याच्या पोटात पचत नाही. ती आतड्याची भिंत भेदून त्याच्या शरीरपोकळीत शिरते, दोनदा कात टाकते आणि साधारण दोन आठवड्यांत माणसाला बाधण्यास समर्थ होते.

असे पाणी न गाळता प्यायल्यावर सायक्लॉप्स माणसाच्या जठरात पोहोचतो. जठरातील आम्लाने तो मरतो. अळी मात्र मरत नाही. उलट ती मोकळी होते, आतड्याच्या भिंतीतून बाहेर पडते आणि उदरपोकळीत व तिच्यामागील ऊतींत वाढू लागते. सुमारे तीन महिन्यांत नर आणि मादी यांचा संयोग होतो. नर दोन-चार सेंटिमीटरहून मोठा होत नाही आणि संयोगानंतर तो मरतो. मादी वाढतच राहते. पूर्ण वाढलेली मादी ७० ते १२० सेंटिमीटर लांब आणि जेमतेम दोन मिलिमीटर जाड असते. शिजलेल्या शेवयांच्या लांबच लांब काडीची कल्पना केली, तर तिचे रूप बऱ्यापैकी डोळ्यांसमोर येते.

या संपूर्ण काळात रुग्णाला काहीही जाणवत नाही. पाणी प्यायल्यापासून दहा ते चौदा महिन्यांनी मादी त्वचेच्या दिशेने सरकते. दहापैकी नऊ वेळा ती पायाकडे जाते. तेथे फोड येतो आणि असह्य आग होऊ लागते. आग शमावी म्हणून रुग्ण पाय पाण्यात बुडवतो. त्याच क्षणाची तो कृमी जणू वर्षभर वाट पाहत असतो. थंड पाण्याचा स्पर्श होताच फोड फुटतो, मादीचे टोक बाहेर येते आणि लाखो अळ्यांचा दुधट लोट पाण्यात मिसळतो. या अळ्या पाण्यात काही दिवसच तग धरतात. तेवढ्यात सायक्लॉप्सने त्या गिळल्या, की चक्र पूर्ण होते.

पायऱ्यांची विहीर घातक ठरत असे ती यामुळेच. रहाटाच्या विहिरीत किंवा हातपंपावर रुग्णाचा पाय पाण्यापर्यंत पोहोचत नाही. बावडीत पाणी भरण्यासाठी खाली उतरावेच लागते, घागर बुडवताना घोट्यापर्यंत पाय पाण्यात जातात आणि तेच पाणी घरी पिण्यासाठी नेले जाते. महाराष्ट्रात बारव म्हणून ओळखल्या जाणाऱ्या विहिरींबाबतही हेच घडत असे. वाहत्या नदीत किंवा कानोता धरणासारख्या मोठ्या जलाशयात हा धोका कमी, कारण तेथे अळ्या आणि सायक्लॉप्स विखुरले जातात. उन्हाळ्यात बावडीचे पाणी तळाला जाऊन थोडे उरले, की धोका सर्वाधिक.

नारूवर आजही औषध नाही, लस नाही आणि एकदा होऊन गेल्यावर प्रतिकारशक्तीही येत नाही. उपाय एकच आणि तो हजारो वर्षे जुना. बाहेर आलेले टोक एका काडीला गुंडाळायचे आणि दररोज थोडे थोडे, काही सेंटिमीटर, ओढून घ्यायचे. हे काम कित्येक आठवडे चालते. घाई केली आणि कृमी तुटला, तर आत राहिलेला भाग तीव्र दाह निर्माण करतो, जखम चिघळते, प्रसंगी सांधा कायमचा आखडतो. रुग्ण मरत असे क्वचितच, पण ऐन शेतीच्या किंवा मजुरीच्या दिवसांत महिना-दोन महिने अंथरुणाला खिळत असे. घरातील दोघे-तिघे एकाच वेळी आजारी पडत, कारण सर्वांनी एकाच घागरीतले पाणी वर्षापूर्वी प्यायलेले असे. वैद्यकाचे चिन्ह असलेला दंड आणि त्याला वेटोळे घातलेला सर्प यांचे मूळ या काडीत आहे, असा तर्क काही अभ्यासक करतात. तर्क आकर्षक आहे, पण त्याला ठोस पुरावा नाही.

शिरेपासून ड्रॅगनपर्यंत

‘नारू’ हा शब्द कोठून आला याचा शोध घेतला, तर उत्तर शरीरशास्त्रातच सापडते. संस्कृत ‘स्नायू’, पालीतील ‘नहारू’, प्राकृतातील ‘ण्हारु’ आणि त्यापासून मराठी ‘नारू’ अशी ही परंपरा सांगितली जाते. हिंदीत ‘नहरुआ’ असेही रूप आहे, तर मध्ययुगीन आयुर्वेदात या विकाराला ‘स्नायुक’ म्हटले आहे. जखमेतून बाहेर येणारी ही पांढरी दोरी शरीरातील शीर किंवा स्नायुतंतू असावी, असे पाहणाऱ्याला वाटले. ही समजूत केवळ भारतातच होती असे नाही. अरबी वैद्यकाच्या लॅटिन भाषांतरांतून युरोपात या रोगाचे नाव रूढ झाले ते ‘मदिनेची शीर’ असे. हा सजीव प्राणी आहे की शरीराचाच बिघडलेला भाग, यावर पंडितांमध्ये शतकानुशतके वाद चालला.

इजिप्तमधील एका ममीच्या शरीरात चुना साचून कडक झालेला नारूचा कृमी सापडला आहे. म्हणजेच माणसाची आणि याची ओळख किमान काही सहस्रकांची आहे.

कार्ल लिनियस यांनी १७५८ मध्ये या कृमीला शास्त्रीय नाव दिले ते ‘गॉर्डियस मेडिनेन्सिस’. गॉर्डियस ही केशकृमींची प्रजाती. हे कृमी टोळ-नाकतोड्यांच्या शरीरात वाढतात आणि नंतर पाण्यात येतात. लांब, दोऱ्यासारखा आणि पाण्याशी संबंधित, एवढ्या साम्यावरून लिनियस यांनी नारूला त्यांच्या पंक्तीला बसवले. पुढे ही चूक दुरुस्त झाली आणि ‘ड्रॅकन्क्युलस’ म्हणजे ‘छोटा ड्रॅगन’ हे प्रजातिनाम स्थिर झाले. मदिनेचा उल्लेख मात्र ‘मेडिनेन्सिस’ या पदात तसाच राहिला.

या कृमीचा पाण्यातील प्रवास उलगडला तो १८७० च्या सुमारास, मध्य आशियात. रशियन निसर्गवैज्ञानिक अलेक्सेई फेडचेन्को यांनी समरकंद परिसरात काम करताना नारूच्या अळ्या सायक्लॉप्सच्या शरीरात शिरून वाढत असल्याचे पाहिले. माणसाचा परजीवी आपल्या आयुष्याचा एक टप्पा अपृष्ठवंशी प्राण्यात घालवतो, हे दाखवणाऱ्या पहिल्या निरीक्षणांपैकी ते एक होते. डास हत्तीरोगाच्या कृमीला वाढवतो हे पॅट्रिक मॅन्सन यांनी चीनमध्ये दाखवले ते १८७७ मध्ये. त्याआधीच, १८७३ मध्ये, फेडचेन्को आल्प्समधील माँ ब्लाँ पर्वतावर मरण पावले होते. वय अवघे २९. जठरातील आम्लाची भूमिका विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात रॉबर्ट लायपर यांनी स्पष्ट केली. त्यांनी बाधित सायक्लॉप्स सौम्य आम्लात ठेवले, तेव्हा सायक्लॉप्स मेले आणि अळ्या चपळपणे बाहेर पडल्या. भारतात मैसूर संस्थानात १९३० च्या दशकात मूर्ती आणि स्वीट यांनी सायक्लॉप्स खाणारे मासे विहिरीत सोडून रोग रोखण्याचा मार्ग अभ्यासला.

‘कृमी’ हा वर्ग नव्हे

लिनियस यांची चूक क्षम्य होती. कारण ‘कृमी’ हा शब्द प्राण्याच्या आकाराचे वर्णन करतो, त्याच्या कुळाचे नव्हे. लांबट, मऊ आणि पाय नसलेला जो कोणी, तो कृमी. लिनियस यांनीही अशा सर्वांची ‘व्हर्मीस’ या एकाच गाठोड्यात मोट बांधली होती. त्यानंतरच्या अडीच शतकांत हे गाठोडे सोडवण्यात आले आणि माणसाला बाधणारे कृमी प्रामुख्याने दोन अगदी दूरच्या संघांचे आहेत हे सिद्ध झाले.

पहिला संघ गोल कृमींचा, म्हणजे सूत्रकृमींचा. नारू याच संघात येतो. या कृमींचे शरीर दोन्ही टोकांना निमुळते, आडव्या छेदात वर्तुळाकार असते. तोंडापासून गुदद्वारापर्यंत सलग अन्ननलिका असते, नर आणि मादी वेगळे असतात आणि अंगावर चिवट उपत्वचा असते. वाढताना ते चार वेळा कात टाकतात. याच गुणधर्माने वर्गीकरणाला अनपेक्षित कलाटणी दिली. १९९७ मध्ये जनुकीय पुराव्यांच्या आधारे संशोधकांनी असे मांडले, की कात टाकणारे सर्व प्राणी एकाच मोठ्या शाखेचे आहेत. त्यामुळे सूत्रकृमी गांडुळांपेक्षा झुरळ, डास आणि खेकडे यांच्या अधिक जवळचे ठरतात. नारू आणि त्याला पोटात वाढवणारा सायक्लॉप्स हे अशा रीतीने एकमेकांचे दूरचे नातलग निघाले.

याच संघात आतड्यात राहणारे तीन मोठे उपद्रवी आहेत. सामान्यपणे ‘जंत’ म्हणून ओळखला जाणारा मोठा गोल कृमी पेन्सिलीएवढा लांब होतो आणि त्याची मादी दिवसाला सुमारे दोन लाख अंडी घालते. ही अंडी विष्ठेवाटे मातीत आणि मातीतून हाता-तोंडाशी येतात. अंकुशकृमी मात्र तोंडाची वाट पाहत नाही. त्याची अळी ओल्या मातीतून अनवाणी पायाच्या त्वचेत शिरते, रक्तातून फुप्फुसात, तेथून घशात आणि गिळली गेल्यावर आतड्यात पोहोचते. आतड्याच्या अस्तराला चिकटून तो रक्त पितो. एका कृमीने प्यालेले रक्त नगण्य असते. शंभर कृमींनी वर्षभर प्यालेले रक्त एखाद्या गर्भवतीच्या जिवावर बेतू शकते. तिसरा चाबूककृमी. या तिघांची बाधा जगात सुमारे दीडशे कोटी लोकांना असल्याचा जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज आहे. लहान मुलांना रात्री गुदद्वाराशी खाज आणणारे सूतकृमी आणि हत्तीरोगाचे कृमी हेही सूत्रकृमीच. हत्तीरोगाचा कृमी तर नारूचा जवळचा आप्त आहे. फक्त त्याने सायक्लॉप्सऐवजी डासाला वाहन केले. विदर्भातील वाचकांना त्याची ओळख करून देण्याची आवश्यकता नाही.

दुसरा संघ चपट्या कृमींचा. यांना उपत्वचा नाही, शरीरपोकळी नाही आणि बहुतेक जण एकाच वेळी नर व मादी असतात. यांचे दोन परजीवी वर्ग माणसाला बाधतात. पट्टकृमीला तोंड आणि आतडे अजिबातच नसते. यजमानाने पचवलेले अन्न तो आपल्या सर्वांगाने शोषून घेतो. डुकराच्या पट्टकृमीची अंडी दूषित भाजीतून किंवा पाण्यातून पोटात गेली, तर त्याच्या अळ्यांच्या गाठी मेंदूत होऊ शकतात आणि अपस्माराचे झटके येऊ शकतात. येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. आपण मांसाहार करत नाही म्हणून सुरक्षित आहोत, असे अनेकांना वाटते. अंडी माणसाच्या विष्ठेतून येतात, मांसातून नव्हे; त्यामुळे शुद्ध शाकाहारी व्यक्तीलाही हा विकार होतो. त्याचे खापर एकट्या कोबीवर फोडणे हा तर कोबीवर अन्याय आहे.

दुसरा वर्ग पर्णकृमींचा. यांचे आकार पानासारखे आणि यजमान बहुधा गोगलगायी. या वर्गाची एक गोष्ट थेट कोकणातील आहे. लघवीतून रक्त पडणे हे लक्षण असलेला रक्त-पर्णकृमींचा रोग आफ्रिका आणि पश्चिम आशियातील मानला जात असे. १९५२ मध्ये गाडगीळ आणि शहा या संशोधकांनी रत्नागिरी जिल्ह्यातील गिमवी येथे या रोगाचे स्थानिक केंद्र असल्याचे दाखवून दिले. तेथील गोड्या पाण्यातील एका इवल्याशा गोगलगायीकडे या परजीवीची मधली यजमान म्हणून बोट दाखवण्यात आले. परजीवीशास्त्राच्या जगभरातील पुस्तकांत गिमवीचे नाव आजही येते. खुद्द महाराष्ट्रात ते फारसे कोणाला ठाऊक नसावे.

काट्यांची सोंड असलेले आणखी काही कृमी आहेत, पण माणसाला त्यांची बाधा क्वचितच होते.

एका उकाराचा प्रश्न

या विषयावरील वृत्ताचा मराठी अनुवाद करताना शब्दांची निवड हा केवळ शैलीचा प्रश्न राहत नाही. मराठीत ‘जंत’ म्हणजे पोटातील कृमी आणि ‘जंतू’ म्हणजे रोगाणू. ‘जंतनाशक’ गोळी बालकाला द्यायची असते, तर ‘जंतुनाशक’ द्रव फरशी पुसण्यासाठी वापरायचा असतो. दोन्हींमध्ये फरक एका उकाराचा. घाईत तयार झालेल्या बातम्यांत हा उकार अनेकदा नको तेथे येऊन बसतो. जयपूरहून येणाऱ्या हिंदी पत्रकात ‘पेट के कीड़े’ असे असते. त्याचे ‘पोटातील किडे’ करणे सोपे आहे, पण मराठीत किडा म्हटले की भुंगा किंवा झुरळ डोळ्यांसमोर येते. इंग्रजी मजकुरातील ‘रिंगवर्म’ हा सापळा त्याहून मोठा. प्रस्तुत लेखकाच्या हातून उमेदवारीच्या काळात त्याचे ‘वलयकृमी’ असे भाषांतर झाले होते आणि ते प्रसारणापूर्वी एका ज्येष्ठ सहकाऱ्याने हसू दाबत खोडले. तो आहे नायटा. नायटा हा बुरशीचा विकार. त्यात कोणताही कृमी नसतो आणि जंताच्या गोळीने तो बरा होत नाही.

राष्ट्रीय जंतनाशक दिनाची सुरुवात फेब्रुवारी २०१५ मध्ये झाली. पहिल्या टप्प्यातील अकरा राज्ये व केंद्रशासित प्रदेशांत राजस्थान आणि महाराष्ट्र या दोन्हींचा समावेश होता. एक ते १९ वर्षे वयोगटातील मुलामुलींना शाळा आणि अंगणवाड्यांतून अल्बेंडाझोलची गोळी दिली जाते. एक ते दोन वर्षांच्या बालकाला अर्धी गोळी चुरून दिली जाते. हे औषध सूत्रकृमीच्या पेशींची रचना बिघडवते, त्याला साखर शोषून घेता येत नाही आणि तो उपासमारीने मरतो. गोळी घेतल्यावर काही मुलांना मळमळ किंवा पोटदुखी होते. ज्यांच्या पोटात जंत अधिक, त्यांना हा त्रास अधिक. ही गोष्ट पालकांना आधी सांगितली नाही, तर ‘गोळीने मुले आजारी पडली’ अशी बातमी गावभर होते.

मात्र गोळी मातीतील अंडी मारत नाही. मूल पुन्हा त्याच अंगणात खेळते आणि काही महिन्यांत पुन्हा बाधित होते. म्हणूनच ही मोहीम दरवर्षी करावी लागते.

चाळीस हजारांवरून शून्यावर

नारूच्या बाबतीत गोळी नसतानाही यश आले, याचे कारण त्याच्या जीवनचक्रातच दडलेले होते. तो मातीत राहत नाही. त्याच्या अळ्या पाण्यात फार काळ जगत नाहीत. रोगी ओळखण्यासाठी प्रयोगशाळा लागत नाही. जखमेतून लोंबणारा कृमी कोणालाही दिसतो. एका वर्षी सर्व रुग्णांना पिण्याच्या पाण्यापासून दूर ठेवता आले, तर पुढच्या वर्षी रुग्णच उरणार नाहीत. सोव्हिएत महासंघाने बुखारा शहरात १९२० च्या दशकात मोहीम राबवून हे सिद्धही केले होते.

भारतात राष्ट्रीय नारू निर्मूलन कार्यक्रम १९८३-८४ मध्ये सुरू झाला. दिल्लीतील राष्ट्रीय संसर्गजन्य रोग संस्थेकडे त्याची सूत्रे होती. (ही संस्था २००९ पासून राष्ट्रीय रोग नियंत्रण केंद्र या नावाने ओळखली जाते.) १९८४ मध्ये सात राज्यांतील ८९ जिल्ह्यांत आणि १२ हजारांहून अधिक गावांत मिळून सुमारे ४० हजार रुग्ण नोंदवले गेले. राजस्थान, मध्य प्रदेश, आंध्र प्रदेश, कर्नाटक, गुजरात, महाराष्ट्र आणि तमिळनाडू ही ती राज्ये. घरोघर जाऊन रुग्णशोध करण्यात आला. सायक्लॉप्स मारण्यासाठी टेमेफॉस हे रसायन दहा लाख भागांत एक भाग या प्रमाणात पाण्यात मिसळण्यात आले. पाणी गाळण्यासाठी बारीक विणीची कापडे वाटण्यात आली. बावड्यांच्या पायऱ्या बंद करून वर कठडा आणि रहाट बसवण्यात आले किंवा शेजारी हातपंप खोदण्यात आला.

दक्षिण राजस्थानातील आदिवासीबहुल डुंगरपूर, बांसवाडा आणि उदयपूर या जिल्ह्यांत युनिसेफ आणि स्वीडनची विकास सहकार्य संस्था यांच्या साहाय्याने ‘स्वच्छ’ परियोजना १९८६ पासून राबवण्यात आली. तिचे वैशिष्ट्य असे, की हातपंप दुरुस्त करण्याचे प्रशिक्षण गावातील महिलांना देण्यात आले. पाणी आणणाऱ्या त्याच. पंप बंद पडला की पुन्हा बावडीत उतरावे लागणार तेही त्यांनाच. बाहेरगावचा कारागीर येईपर्यंत आठवडे जात आणि तेवढ्या अवधीत एक रुग्ण सारी बावडी दूषित करू शकत असे. पान्हा हाती घेतलेल्या या महिलांचे योगदान निर्मूलनाच्या अहवालांतील आकड्यांमागे झाकले गेले आहे, असे म्हणावेसे वाटते.

सर्वच गावकऱ्यांनी या बदलांचे स्वागत केले असे नव्हे. रसायन टाकलेले पाणी पिण्यास अनेकांचा विरोध होता. बावडी ही केवळ विहीर नव्हे. ती पूजेचे आणि भेटीगाठींचे स्थान. तिच्या पायऱ्या बुजवणे हे अनेकांना अशुभ वाटले. पाणी गाळण्याची कल्पना मात्र राजस्थानला नवी नव्हती. तेथील जैन कुटुंबांत पाणी दुहेरी वस्त्रातून गाळून घेण्याची आणि वस्त्रावर राहिलेले जीव त्याच पाण्यात परत सोडण्याची प्रथा जुनी आहे. हेतू जीवदयेचा, पण सायक्लॉप्स घागरीबाहेर राहतो, एवढे खरे.

रुग्णांची संख्या १९९४ मध्ये ३७१, १९९५ मध्ये ६० आणि १९९६ मध्ये नऊ झाली. ते नऊही राजस्थानातील होते. त्यानंतर शून्य. तरीही शोध थांबवण्यात आला नाही. रुग्णाची खबर देणाऱ्यास रोख पारितोषिक जाहीर करण्यात आले आणि अफवा आली तरी पथक गावात जाऊन खातरजमा करत राहिले.

कुत्र्यांनी लांबवलेला शेवट

१९८६ मध्ये जगात नारूचे सुमारे ३५ लाख रुग्ण असल्याचा अंदाज होता. त्याच वर्षी अमेरिकेचे माजी अध्यक्ष जिमी कार्टर यांच्या संस्थेने जागतिक मोहिमेचे नेतृत्व हाती घेतले. २०२४ मध्ये जगभरातील रुग्णांची संख्या अवघी १५ होती. हे सर्व चाड आणि दक्षिण सुदानमधील. आपल्याआधी शेवटचा नारू मरावा, अशी इच्छा कार्टर बोलून दाखवत. २९ डिसेंबर २०२४ रोजी त्यांचे निधन झाले, तेव्हा ते घडलेले नव्हते.

शेवटचे हे थोडे रुग्ण संपत नाहीत, त्याचे कारण निर्मूलनाच्या मूळ गृहीतकाला गेलेला तडा होय. नारू हा केवळ माणसाचा रोग आहे, असे मानले गेले होते. २०१२ पासून चाडमध्ये कुत्र्यांत या कृमीची बाधा मोठ्या प्रमाणावर आढळू लागली. जनुकीय तपासणीत तो माणसाला होणारा नारूच निघाला. नदीकाठी मासे साफ करताना फेकलेली आतडी कुत्री खातात आणि माशांनी गिळलेल्या अळ्या त्यांच्या पोटात जातात, असा संशोधकांचा निष्कर्ष आहे. त्यामुळे तेथे आता माशांची आतडी पुरणे, बाधित कुत्रे बांधून ठेवणे आणि मासे नीट शिजवून खाणे यांवर भर दिला जात आहे. जागतिक आरोग्य संघटनेने निर्मूलनाचे लक्ष्य २०३० पर्यंत वाढवले आहे.

राजस्थानात गेल्या काही वर्षांत अनेक जुन्या बावड्यांतील गाळ काढून त्यांचा जीर्णोद्धार करण्यात आला आहे. पर्यटक पुन्हा पाण्याच्या काठापर्यंत उतरू लागले आहेत. त्या पाण्यात सायक्लॉप्स पूर्वीसारखाच आहे. त्याला खायला नारूच्या अळ्या तेवढ्या उरलेल्या नाहीत.